किंबर्लीची न झालेली वसाहत: 75,000 ज्यू निर्वासितांची योजना नेमकी कुठे अडली?

निर्वासितांना तिसऱ्याच एखाद्या देशात नेऊन ठेवण्याच्या योजना अलीकडे वारंवार बातम्यांत येतात. ब्रिटनने आश्रय मागणाऱ्यांना रवांडात पाठवण्याची घोषणा 2022 मध्ये केली आणि 2024 मध्ये ती गुंडाळली, हे अनेकांना आठवत असेल. अशी बातमी वाचली की साध्या वाचकाच्या मनात हमखास एक प्रश्न येतो: जगात एवढी जमीन ओसाड पडली आहे, मग या लोकांना तिथे का वसवत नाहीत? प्रश्न प्रामाणिक आहे आणि तो नवाही नाही. हाच प्रश्न 1939 मध्ये एक रशियन ज्यू वकील ऑस्ट्रेलियाच्या सरकारला विचारत होता. त्याच्या हातात जमिनीचा नकाशा होता, जमीन विकायला तयार असलेली कंपनी होती, पैसा उभा करण्याची हमी होती आणि राज्य सरकारची तत्त्वतः मान्यताही होती. तरीही पाच वर्षांनी त्याला नकाराचे पत्र मिळाले आणि तोवर युरोपातील लक्षावधी ज्यू मारले गेले होते.

‘किंबर्ली योजना’ या नावाने ओळखला जाणारा हा प्रकार आज ऑस्ट्रेलियाबाहेर फारसा कोणाला ठाऊक नाही. निर्वासितांचे प्रश्न अडतात तेव्हा ते नेमके कुठे अडतात, हे या एका उदाहरणावरून जितके स्पष्ट कळते तितके क्वचितच कशावरून कळेल.

आसरा वेगळा, वसाहत वेगळी

सर्वप्रथम एक फरक ध्यानात घेतला पाहिजे. संकटातून पळून आलेल्या माणसाला काही काळ डोक्यावर छप्पर देणे म्हणजे आसरा. कोल्हापूरजवळच्या वळिवड्यात 1943 ते 1948 या काळात सुमारे 5,000 पोलिश निर्वासित, त्यांत बहुतांश स्त्रिया आणि मुले, राहून गेले. तो आसरा होता. युद्ध संपले, छावणी उठली आणि माणसे पुढे निघून गेली.

वसाहत म्हणजे याच्या नेमकी उलट गोष्ट. त्यात परत जाण्याचा विचारच नसतो. जमीन कायमची घ्यायची, घरे बांधायची, शाळा काढायच्या, पिके घ्यायची, मुलांची लग्ने तिथेच लावायची. पाहुणा चार दिवस राहतो तेव्हा घरातील कोणाचीच हरकत नसते. तो शेजारचा प्लॉट विकत घेऊन आपल्या साठ नातेवाइकांना बोलावतो म्हणाला, की आळीत बैठक भरते. किंबर्ली योजना या दुसऱ्या प्रकारातली होती आणि तिच्या भवितव्याचे सारे सूत्र याच गोष्टीत आहे.

ही योजना नाझींची नव्हती, हेही सुरुवातीलाच सांगायला हवे. ज्यूंना मादागास्कर बेटावर हाकलण्याचा एक आराखडा नाझींनी 1940 मध्ये आखला होता आणि वाचकांच्या मनात या दोन गोष्टींची अनेकदा सरमिसळ होते. तो ज्यूंना कैदेत ढकलण्याचा बेत होता; किंबर्ली योजना ज्यूंनी स्वतः, स्वतःला वाचवण्यासाठी मांडलेली होती.

1939 मध्ये दारे किती बंद होती

जुलै 1938 मध्ये फ्रान्समधील एव्हियाँ या गावी 32 देशांची परिषद भरली. जर्मनी आणि ऑस्ट्रियातील ज्यूंना कोण किती घेणार, हा तिचा विषय होता. प्रत्येक देशाच्या प्रतिनिधीने सहानुभूती व्यक्त केली आणि आपल्याकडे जागा का नाही हेही सांगितले. ऑस्ट्रेलियाचे प्रतिनिधी टी. डब्ल्यू. व्हाइट यांचे म्हणणे असे होते की, आमच्याकडे वंशाचा असा खरा प्रश्न नाही आणि परकीयांच्या मोठ्या स्थलांतराला उत्तेजन देऊन तो आयात करण्याची आमची इच्छा नाही. ज्या देशाच्या अधिकृत लोकसंख्येत मूळ रहिवासी धरलेसुद्धा जात नव्हते, त्या देशाचा मंत्री हे बोलत होता.

ठोस म्हणावा असा मोठा प्रस्ताव आला तो डॉमिनिकन रिपब्लिककडून. त्या देशाने 1,00,000 निर्वासितांची तयारी दाखवली, पण तिथल्या सोसुआ या वसाहतीत प्रत्यक्षात काहीशेच माणसे पोहोचू शकली. नोव्हेंबर 1938 मध्ये जर्मनीत ज्यूंची प्रार्थनास्थळे जाळली गेली, दुकाने फोडली गेली. त्यानंतर ऑस्ट्रेलियाने तीन वर्षांत 15,000 निर्वासित घेण्याचे जाहीर केले, मात्र एकेकट्याने, छाननी करून. आणि 17 मे 1939 रोजी ब्रिटनने पॅलेस्टाइनबाबत श्वेतपत्रिका काढून तिथे पुढील पाच वर्षांत मिळून 75,000 ज्यूंनाच प्रवेश मिळेल, असा नियम केला. एकट्या पोलंडमध्ये तेव्हा सुमारे 33 लाख ज्यू राहत होते.

त्या काळात एकेकट्याने सुटका करून घेणाऱ्याला काय करावे लागे, याची कल्पना मुंबईच्या उदाहरणावरून येईल. मुंबईत 1934 मध्ये स्थापन झालेली ज्यू रिलीफ असोसिएशन ही संस्था येणाऱ्या माणसाच्या निर्वाहाची हमी घेत असे, तेव्हा कुठे एखाद्या डॉक्टरला किंवा अभियंत्याला भारतात पाय ठेवता येई. म्हणजे एका माणसामागे एक हमी, एक अर्ज, एक व्हिसा. या वेगाने लाखो माणसे वाचणार नाहीत, हे उघड होते. घाऊक सुटकेचा मार्ग हवा होता.

स्टाइनबर्ग आणि ‘प्रदेशवादी’

ज्यूंसाठी स्वतंत्र भूमी पॅलेस्टाइनमध्येच हवी, असे मानणाऱ्यांना झायनवादी म्हणतात. त्यांच्याखेरीज एक छोटा पंथ होता, त्याला प्रदेशवादी म्हणत. त्यांचे म्हणणे साधे होते: माणसे आज मरत आहेत, तेव्हा जगात कुठेही मोकळा प्रदेश मिळाला तर तो घ्यावा, पवित्र भूमीची वाट पाहत बसू नये. ही कल्पना जुनी होती. ब्रिटनने 1903 मध्ये पूर्व आफ्रिकेतील जमीन देऊ केली होती आणि त्या प्रस्तावावरून ज्यू समाजात मोठी फूट पडली होती. याच विचाराची ‘फ्रीलँड लीग’ 1935 मध्ये लंडनमध्ये स्थापन झाली.

लीगचा दूत म्हणून ऑस्ट्रेलियात आलेला माणूस विलक्षण होता. आयझॅक नाख्मन स्टाइनबर्ग यांचा जन्म 1888 चा, रशियन साम्राज्यातील द्विन्स्क या गावचा. कायद्याची डॉक्टरेट त्यांनी जर्मनीत मिळवली. रशियन क्रांतीनंतर डाव्या समाजवादी क्रांतिकारी पक्षाच्या वतीने ते काही महिने लेनिनच्या सरकारात न्यायखात्याचे प्रमुख होते. बोल्शेविकांच्या दडपशाहीशी त्यांचे पटले नाही, ते बाहेर पडले आणि पुढे देश सोडून बर्लिनला गेले. हिटलर सत्तेवर आल्यावर बर्लिनही सुटले. या साऱ्या धामधुमीत त्यांनी आपला धर्माचार सोडला नाही. क्रांतीच्या मंत्रिमंडळातही ते कर्मठ ज्यू म्हणूनच वावरले. श्वेतपत्रिका निघाल्यानंतर काही दिवसांतच, मे 1939 मध्ये, ते पश्चिम ऑस्ट्रेलियाची राजधानी पर्थ येथे उतरले. एकदा आपला देश आणि मग दुसरे घर गमावलेला हा माणूस दुसऱ्याच खंडात जाऊन जमीन मागत होता, ती स्वतःसाठी नव्हे.

कोणती जमीन?

ऑस्ट्रेलियाच्या नकाशात वायव्येचा कोपरा पाहावा. तो किंबर्ली. लीगची नजर त्याच्या पूर्व भागावर, ऑर्ड नदीच्या खोऱ्यावर होती. ड्युरॅक कुटुंबाच्या ‘कॉनर, डोहर्टी अँड ड्युरॅक’ या कंपनीकडे तिथे गुरांच्या चराईसाठी अवाढव्य क्षेत्र होते आणि ती ते विकायला तयार होती. चर्चा सुमारे 70 लाख एकरांची होती. आपल्याकडील पुणे आणि सातारा हे दोन जिल्हे एकत्र केले, तर साधारण तेवढा प्रदेश होईल. ड्युरॅक घराण्याने 1883 ते 1885 या काळात क्वीन्सलंडमधून हजारो गुरे हाकत, सुमारे दोन वर्षांचा प्रवास करून, या खोऱ्यात बस्तान बसवले होते.

स्टाइनबर्ग यांनी जॉर्ज मेलव्हिल या शेतीतज्ज्ञाला सोबत घेऊन तो प्रदेश पाहिला. महाराष्ट्रातील वाचकाला तिथली माती सांगायला फार शब्द लागणार नाहीत. ऑर्डच्या काठची जमीन ही काळी, चिकण, भेगाळणारी माती आहे. पावसाळ्यात तिच्यात गुडघाभर पाय रुततो आणि उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, जशा आपल्या कपाशीच्या रानाला पडतात. पाऊस तिथेही चार-पाच महिन्यांत कोसळून मोकळा होतो आणि मग नदीचे पात्र डबक्यांपुरते उरते. पावसाळ्यात समुद्राला मिळणारे ऑर्डचे पाणी अडवले तर उरलेल्या महिन्यांत शेती करता येईल, ही कल्पना त्यामुळे वेडगळ नव्हती.

योजनेचा क्रमही विचारपूर्वक ठरवलेला होता. पहिल्या टप्प्यात 500 ते 600 तरुण यायचे. त्यांनी घरे, पाटबंधारे आणि वीजनिर्मितीची सोय उभी करायची. मग टप्प्याटप्प्याने एकूण 75,000 माणसे. खर्च जगभरच्या ज्यू संस्था करणार होत्या, सरकारला पैसा घालायचा नव्हता. आणि स्वतंत्र राज्याची मागणी नव्हती, हे महत्त्वाचे: येणारे लोक ऑस्ट्रेलियाचे नागरिक होणार होते, तिथलेच कायदे पाळणार होते.

पाठिंबा मिळाला नाही का?

मिळाला, आणि तो अपेक्षेपेक्षा बराच अधिक मिळाला. पश्चिम ऑस्ट्रेलियाचे प्रीमियर, म्हणजे आपल्या भाषेत मुख्यमंत्री, जॉन विलकॉक यांनी ऑगस्ट 1939 मध्ये योजनेला तत्त्वतः मान्यता दिली. चर्चचे धर्मगुरू, कामगार संघटनांचे नेते, विद्यापीठांतील प्राध्यापक आणि मोठी वर्तमानपत्रे यांपैकी अनेकांनी जाहीर पाठिंबा दिला.

यामागे निव्वळ माणुसकी होती, असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. ऑस्ट्रेलियाला आपल्या विरळ वस्तीच्या उत्तर किनाऱ्याची धास्ती होती. आपण हा भाग वसवला नाही तर आशियातील कोणीतरी येऊन वसवेल, ही भीती तिथल्या राजकारणात पक्की रुजलेली होती. स्टाइनबर्ग यांनी तोच धागा पकडला: तुम्हाला उत्तरेत माणसे हवी आहेत, आम्हाला जमीन हवी आहे. मला हा युक्तिवाद वाचताना अस्वस्थ वाटते, कारण वंशद्वेषातून पळणाऱ्या लोकांच्या वतीने तो दुसऱ्या एका वंशभीतीच्या आधाराने केला जात होता. पण ज्याच्या घराला आग लागली आहे, त्याने दार कोणत्या शब्दांत ठोठावले याचा हिशेब फार कठोरपणे मांडू नये, असेही वाटते.

मग अडले कुठे?

इथे थोडी राज्यघटना समजून घ्यावी लागते. ऑस्ट्रेलिया हे संघराज्य आहे. जमीन हा राज्याचा विषय आणि देशात कोणाला येऊ द्यायचे हा केंद्राचा. म्हणजे विलकॉक यांच्या होकाराचा अर्थ एवढाच होता की, माणसे आली तर जमीन देऊ. माणसांना येऊ द्यायचे की नाही, हे कॅनबेरा ठरवणार होते. गावच्या ग्रामपंचायतीने ठराव केला म्हणून वरच्या कार्यालयातील फाइल हलते असे नाही, हा अनुभव आपल्यालाही आहे.

विलकॉक यांच्या होकारानंतर काही दिवसांतच युद्ध सुरू झाले आणि फाइल पडून राहिली. स्टाइनबर्ग 1943 पर्यंत ऑस्ट्रेलियातच राहून शहरोशहरी भाषणे देत राहिले, पत्रे लिहीत राहिले, आणि मग उत्तराची वाट पाहत कॅनडाला आपल्या कुटुंबाकडे गेले. उत्तर आले ते जुलै 1944 मध्ये. पंतप्रधान जॉन कर्टिन यांनी कळवले की, परकीयांच्या वसाहतीविषयीच्या प्रदीर्घ धोरणापासून सरकार बाजूला होऊ शकत नाही आणि लीगने मांडलेल्या, एकाच गटापुरत्या मर्यादित असलेल्या वसाहतीचा विचार करता येणार नाही. हे कर्टिन मजूर पक्षाचे होते आणि निवडून आले होते त्याच पश्चिम ऑस्ट्रेलियातून.

या पत्रात जमीन नापीक आहे असे म्हटलेले नाही, पैसा कमी आहे असेही नाही. आक्षेप गटाला आहे. ज्यू माणसाला ऑस्ट्रेलियात वर चढायला मनाई नव्हती. पहिल्या महायुद्धातील त्यांचे सर्वांत नामांकित सेनापती जॉन मोनाश ज्यू होते आणि 1931 ते 1936 या काळात गव्हर्नर जनरलच्या पदावर असलेले आयझॅक आयझॅक्स हेही ज्यूच होते. एकेकटा आलेला आणि आमच्यात विरघळलेला ज्यू चालेल. आपली भाषा, आपले सण, आपली शाळा घेऊन एकत्र राहणारे ज्यू चालणार नाहीत, असा त्या धोरणाचा अर्थ होता.

आणि वसाहत करून राहण्याला सरकारचा सरसकट विरोध होता म्हणावे, तर तेही खरे नाही. त्याच पश्चिम ऑस्ट्रेलियात 1920 च्या दशकात ‘ग्रुप सेटलमेंट’ याच नावाने एक सरकारी योजना राबवली गेली होती. ब्रिटनमधून आलेल्या कुटुंबांचे गट करून त्यांना नैर्ऋत्येच्या जंगलात जमिनी दिल्या गेल्या. तिच्यावर सरकारी पैसा मोठ्या प्रमाणावर खर्च झाला आणि असंख्य कुटुंबे हात टेकून निघून गेली. ब्रिटिशांचा गट सरकारने स्वतःच्या पैशाने आणला. ज्यूंचा गट स्वतःच्या पैशाने येणार होता, तो नको झाला.

पण विरोध ज्यूंमध्येही होता ना?

होता, आणि हा आक्षेप टाळून पुढे जाता येणार नाही. झायनवाद्यांना ही योजना घातक वाटत होती. किंबर्लीचा पर्याय उभा राहिला की ब्रिटन म्हणणार, पॅलेस्टाइनची दारे उघडायची गरजच काय? त्यांच्या जागी उभे राहून पाहिले, तर ही भीती खोटी नव्हती. दुसरा विरोध ऑस्ट्रेलियात स्थिरावलेल्या ज्यू कुटुंबांपैकी काहींचा होता. पिढ्यान्‌पिढ्या राहून त्यांनी मिळवलेली प्रतिष्ठा ठळकपणे वेगळ्या दिसणाऱ्या हजारो लोकांच्या येण्याने धोक्यात येईल, असे त्यांना वाटे. शहरात नोकरीला लागून दोन पिढ्या झालेले कुटुंब गावाकडचा लोंढा दारात आल्यावर कसे संकोचते, हे आपण जवळून पाहिलेले असते. मात्र नकार देताना सरकारने ज्यूंच्या या मतभेदांचा आधार घेतलेला नाही. त्यामुळे योजना ज्यूंनीच बुडवली, हे अधूनमधून ऐकू येणारे विधान मला मान्य नाही.

युद्ध चालू असताना तिथे पोहोचले असते कोण?

हा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. सप्टेंबर 1939 नंतर समुद्रमार्ग धोक्याचे झाले, जहाजे लष्कराकडे गेली आणि पोलंडमधील ज्यू नाझींच्या कचाट्यात सापडले. मार्च 1942 मध्ये तर जपानी विमानांनी किंबर्लीच्याच विंडहॅम या बंदरावर हल्ला केला. तेव्हा होकार मिळाला असता तरी 75,000 माणसे तिथे पोहोचली असती, असे म्हणता येणार नाही.

मात्र काही गोष्टी या आक्षेपात सुटतात. नाझी जर्मनीने ज्यूंना देश सोडण्यास पूर्ण बंदी घातली ती ऑक्टोबर 1941 मध्ये. तोवर, लुबाडून आणि अपमान करून का होईना, बाहेर पडता येत होते. अडचण असायची ती दुसऱ्या बाजूला घेणारा देश नसण्याची. शांघायमध्ये व्हिसा लागत नव्हता, म्हणून हजारो ज्यू तिथे जाऊन पोहोचलेच होते. लिथुआनियात पोलंडहून पळून आलेले अनेक जण 1940 मध्ये कोणत्याही देशाचा शिक्का मिळावा म्हणून वकिलातींबाहेर रांगा लावत होते. पहिल्या टप्प्यातील 500 ते 600 तरुण आणि त्यांच्या मागोमाग काही हजार माणसे, एवढे त्या फटीतून येऊ शकले असते. 60 लाखांच्या संहारापुढे हा आकडा लहान आहे. संपूर्ण 75,000 धरले तरी ते ऐंशीत एक पडतात. पण त्या एकाच्या दृष्टीने पाहिले तर हिशेब निराळा होतो आणि मी तो त्याच्या दृष्टीनेच पाहणे पसंत करतो.

टास्मानियातला तंबू

किंबर्लीचे उत्तर लांबत चालले तसा आणखी एक पर्याय पुढे आला. ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेला असलेल्या टास्मानिया बेटाच्या प्रीमियरनी स्टाइनबर्ग यांना अनुकूलता दाखवली. क्रिचली पार्कर नावाचा एक सधन ऑस्ट्रेलियन तरुण, जो स्वतः ज्यू नव्हता, या कल्पनेने झपाटला. 1942 च्या मार्चमध्ये तो बेटाच्या नैर्ऋत्येकडील पोर्ट डेव्ही या निर्मनुष्य, पावसाने झोडपलेल्या भागात वसाहतीसाठी जागा पाहायला एकटाच गेला. तिथे तो आजारी पडला. मदतीसाठी त्याने जाळ केला, तो कोणाला दिसला नाही. तंबूत पडल्या पडल्या तो वहीत लिहीत राहिला: इथे शहर कसे असेल, कोणते उद्योग असतील, लोक काय करतील. काही महिन्यांनी त्याचा मृतदेह आणि त्या वह्या सापडल्या. ज्यांच्यासाठी तो शहर आखत होता, त्यांतले कोणीही तिथे कधी गेले नाही.

शेती तरी जमली असती का?

याचे निम्मे उत्तर इतिहासाने दिले आहे. ड्युरॅक घराण्यातील किम ड्युरॅक या तरुणाने 1941 पासून ऑर्डकाठी प्रायोगिक शेती सुरू केली. त्यातून पुढे सरकारी संशोधन केंद्र झाले आणि 1963 मध्ये ऑर्ड नदीवर पहिला बंधारा बांधून कालव्याचे पाणी रानात आले. म्हणजे पाणी अडवून शेती करण्याची जी कल्पना लीगने मांडली होती, तीच सरकारने वीस वर्षांनी स्वतः हाती घेतली.

सुरुवातीला तिथे मुख्य पीक होते कापूस. आणि तो कापूस खाल्ला बोंडअळीने. फवारण्या वाढवल्या तशी अळी औषधाला दाद देईनाशी झाली आणि 1974 मध्ये तिथल्या शेतकऱ्यांनी कापूस सोडून दिला. विदर्भ-मराठवाड्यातील वाचकाला ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. भांडवल, शास्त्रज्ञ आणि विमानातून फवारणी हाताशी असताना जिथे पीक हातचे गेले, तिथे वॉर्सा आणि व्हिएन्नातून आलेले शिंपी, शिक्षक आणि दुकानदार 1940 मध्ये सहज यशस्वी झाले असते, असा दावा करणे धाडसाचे आहे. बरेच जण काही वर्षांत पर्थ-मेलबर्नला गेले असते, हा विरोधकांचा अंदाज मला चुकीचा वाटत नाही. फक्त ते मेलबर्नला जिवंत पोहोचले असते.

युद्धानंतर जे वाचले त्यांच्यापैकी हजारो जण मेलबर्न-सिडनीला आलेच. त्या वेळी ऑस्ट्रेलिया युरोपातील निर्वासितांना मोठ्या संख्येने घेत होता. तरीही निर्वासितांच्या जहाजावर ज्यू प्रवासी 25 टक्क्यांहून अधिक नसावेत, असा दंडक सरकारने घातला. गटाची धास्ती संहार उघडकीस आल्यावरही गेली नव्हती.

ती जमीन खरोखर रिकामी होती का?

या साऱ्या चर्चेत एक पक्ष कोणाच्याच पत्रव्यवहारात नव्हता. ऑर्ड खोरे हे मिरिउवुंग आणि गाजेराँग या आदिवासी समाजांचे होते आणि आहे. ऑस्ट्रेलियाचा कायदा मात्र ‘टेरा नलियस’, म्हणजे कोणाचीच नसलेली जमीन, या समजुतीवर उभा होता आणि 1992 च्या न्यायालयीन निकालापर्यंत तो तसाच राहिला. लीग जी जमीन विकत घेणार होती, ती ड्युरॅक कंपनीकडे चराईच्या पट्ट्याने आलेली होती आणि त्या गुरांच्या मागे धावणारे आदिवासी गुराखी पगाराशिवाय, पीठ-चहा-तंबाखूच्या शिध्यावर राबत होते. त्याच विंडहॅमजवळ फॉरेस्ट नदीच्या काठी 1926 मध्ये पोलिसांच्या तुकडीने आदिवासींना मारून जाळले होते. 1927 च्या चौकशी आयोगाने किमान 11 जणांच्या हत्येचा निष्कर्ष काढला, पण कोणालाही शिक्षा झाली नाही. स्टाइनबर्ग हे संवेदनशील गृहस्थ होते, तरी त्या प्रदेशाकडे त्यांनीही विरळ वस्तीचा, वाट पाहणारा प्रदेश म्हणूनच पाहिले. हा त्यांच्या एकट्याचा दोष नव्हे. त्या काळच्या जवळपास प्रत्येक वसाहत-योजनेच्या मुळाशी हाच रिकाम्या जमिनीचा समज होता.

याच्या शेजारी आणखी एक घटना ठेवावीशी वाटते. 6 डिसेंबर 1938 रोजी, जर्मनीतील त्या जाळपोळीनंतर महिन्याभरात, विल्यम कूपर हे योर्टा योर्टा या आदिवासी समाजाचे वयोवृद्ध नेते काही सहकाऱ्यांसह मेलबर्नमधील जर्मन वाणिज्य दूतावासाच्या दारापर्यंत गेले. ज्यूंच्या छळाचा निषेध करणारा ठराव त्यांच्या हातात होता. दूतावासाने तो स्वीकारला नाही. स्वतःच्या देशात पूर्ण नागरिकत्वाचे हक्क नसलेली माणसे हजारो मैलांवरच्या परक्या लोकांसाठी बोलायला गेली होती आणि जमिनीचे नकाशे मांडणाऱ्यांपैकी कोणीही त्यांच्या समाजाला काही विचारले नव्हते.

त्या खोऱ्याचे पुढे काय झाले?

स्टाइनबर्ग यांनी युद्धानंतरही पाठपुरावा सोडला नाही. नकार कायम राहिला. 1957 मध्ये न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले. ऑर्डवरील मोठ्या धरणाचे 1972 मध्ये उद्घाटन झाले आणि मागे अर्गाइल नावाचा प्रचंड जलाशय पसरला. लीगने मागितलेल्या जमिनीचा काही भाग आज त्या पाण्याखाली आहे. ड्युरॅक घराण्याचे दगडी घर बुडणार म्हणून ते आधीच दगड न्‌ दगड सोडवून उंचावर नेले गेले आणि पुन्हा उभारले; आज ते संग्रहालय आहे. मिरिउवुंग-गाजेराँग लोकांची दफनस्थळे आणि पवित्र जागा मात्र त्यांना न विचारता पाण्याखाली गेल्या. धरणाने झालेल्या त्या नुकसानीची दखल घेणारा आणि काही जमीन परत देणारा करार 2005 मध्ये झाला.